वारस नोंद आणि हक्कसोड: अण्णांच्या सातबाऱ्यावर आम्हा चौघांची नावे लागली त्याचा अनुभव

आमचे वडील, म्हणजे अण्णा, फेब्रुवारी २०१९ मध्ये वारले. सोलापूर जिल्ह्यातील आमच्या गावी त्यांच्या नावावर २ हेक्टर ४० आर, म्हणजे बोलायच्या हिशेबात सहा एकर जमीन होती, आणि जुलै २०२५ पर्यंत ती त्यांच्याच नावावर राहिली. वारस नोंदीला सरकारी शुल्क काहीही लागत नाही, कागदही फार लागत नाहीत, आणि तरीही सहा वर्षे तिला कोणी हात लावला नाही, कारण नोंद करायची म्हटले की हक्कसोडावर, म्हणजे आपला हिस्सा सोडून देण्याच्या दस्तावर, बहिणींच्या सह्यांचा विषय निघतो आणि तो विषय घरात कोणालाच काढायचा नसतो. भावाला तो काढण्याचा संकोच, बहिणींना तो टाळण्याची सवय, आणि आईला मुलांमध्ये अंतर पडेल याची धास्ती. अशा अवघडलेल्या शांततेत किती गावांत किती मयत खातेदारांची नावे सातबाऱ्यावर तशीच आहेत, हे चावडी वाचनाच्या, म्हणजे गावात सातबाऱ्यावरील नोंदी जाहीरपणे वाचून दाखवण्याच्या, दिवशी समजले. आमचे काम आता पूर्ण झाले आहे. ज्या घरांत ते व्हायचे आहे तिथल्या आयांना, मुलींना आणि भावांनाही उपयोग व्हावा म्हणून जे घडले ते क्रमाने लिहीत आहे.

या सहा वर्षांत काय गेले ते आधी सांगते. प्रधानमंत्री किसान सन्मान निधी योजना अण्णा गेले त्याच महिन्यात सुरू झाली. वर्षाला ६,००० रुपये आणि पुढे राज्याच्या नमो शेतकरी योजनेचे तेवढेच आणखी, अशी रक्कम गावातल्या इतरांच्या खात्यावर येत राहिली. आमच्या घरी कसणारा दादा असूनही सातबाऱ्यावर त्याचे नाव नसल्याने ती आली नाही. सोसायटीचे पीककर्ज मयताच्या नावावर नवे होईना, त्यामुळे दादाने पेरणीसाठी हातउसने आणि व्याजाचे पैसे घेतले. एका वर्षी काढणीला आलेले सोयाबीन पावसात भिजले, तेव्हा नुकसानभरपाईच्या यादीत नाव घालण्यासाठीही पुन्हा तोच प्रश्न आला. नोंद रखडल्याचा पहिला फटका भावाला बसला, ही गोष्ट मुद्दाम लिहिते, कारण हा विषय बहिणी विरुद्ध भाऊ असाच मांडला जातो आणि त्यामुळेच तो पुढे सरकत नाही.

मार्च २०२५ च्या सुमारास शासनाने ‘जिवंत सातबारा’ मोहीम जाहीर केली. बुलढाणा जिल्ह्यातून तिची सुरुवात झाली आणि एप्रिलपासून ती राज्यभर राबवली गेली. गावोगावी चावडी वाचन करून मयत खातेदारांच्या याद्या करायच्या, वारसांकडून कागद घ्यायचे आणि फेरफार, म्हणजे दप्तरातील बदलाची नोंद, मंजूर करून वारसांची नावे लावायची, असे तिचे स्वरूप होते. त्याच सुमारास शेतीच्या योजनांसाठी ॲग्रिस्टॅक या शेतकऱ्यांच्या डिजिटल नोंदणीचा शेतकरी ओळख क्रमांकही सक्तीचा झाला होता, आणि तो सातबाऱ्यावर नाव असल्याशिवाय मिळत नाही. दादाचा फोन आला तो या दोन्ही कारणांनी. “शनिवारी ये. अक्कालाही सांगितलंय. वारस लावून घेऊ आणि त्याच वेळी हक्कसोडही उरकून टाकू,” असे तो म्हणाला. आवाजात कसलाही कावा नव्हता. आमच्या भागात वारस नोंद आणि बहिणींचे हक्कसोड हे एकाच कामाचे दोन भाग मानले जातात, आणि तो तेच बोलत होता.

शनिवारी तालुक्याच्या गावी एका टंकलेखकाकडे प्रतिज्ञापत्र तयार होते. मी ते वाचायला घेतले तेव्हा “ताई, नेहमीचाच मजकूर आहे,” असे मला सांगण्यात आले. मजकूर खरोखरच नेहमीचा असावा, कारण आमच्या घराची माहिती फक्त रिकाम्या जागांत भरलेली होती. वारस म्हणून पत्नी आणि मुलगा अशी दोनच नावे होती, आणि त्याखाली एक वाक्य होते: ‘मयतास दोन मुली असून त्या विवाहित आहेत व आपापल्या सासरी सुखाने नांदत आहेत, त्यांना सदर मिळकतीत हिस्सा नको आहे.’ आम्हा दोघींना कोणी विचारण्याआधीच आमचे उत्तर छापून तयार होते. मी सही केली नाही आणि दादालाही करू दिली नाही. मुली हयात असताना वारसांत त्यांची नावे न लिहिणे ही शपथेवर दिलेली अपुरी माहिती ठरते, आणि खोट्या प्रतिज्ञापत्राबद्दल शिक्षा होते ती सही करणाऱ्याला, टंकलेखकाला नाही, हे मी त्याला तिथेच सांगितले. तो नाराज झाला, पण कागद त्याने परत घेतला.

त्या रात्री घरी जे बोलणे झाले ते सोपे नव्हते. चुलते तात्याही आले होते. त्यांचे म्हणणे असे की धाकटीचे एक वेळ असू दे, पण अक्काचे लग्न १९९२ मध्ये झालेले, तिला कायद्यानेच हक्क नाही. तात्यांनी हे हवेत बोललेले नव्हते. महाराष्ट्राने १९९४ मध्ये हिंदू उत्तराधिकार कायद्यात दुरुस्ती करून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः हक्क दिला, तेव्हा २२ जून १९९४ पूर्वी लग्न झालेल्या मुलींना त्यातून वगळले होते. तीच गोष्ट गावोगावच्या जाणत्या माणसांच्या लक्षात पक्की बसली आहे. परंतु ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झालेल्या केंद्राच्या दुरुस्तीत लग्नाच्या तारखेची अट नाही, आणि ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मुलीचा हा हक्क जन्मानेच असतो आणि त्यासाठी २००५ मध्ये वडील हयात असण्याचीही गरज नाही, असे स्पष्ट केले. शिवाय वडिलांच्या स्वतःच्या हिश्शाला पत्नी, मुलगा, मुलगी आणि मयताची आई हे पहिल्या वर्गाचे वारस समान असतात, हे तर १९५६ पासूनच आहे. आमच्या बाबतीत जमीन आजोबांची धरली काय किंवा अण्णांची स्वकष्टाची धरली काय, हिशेब शेवटी एकाच जागी येतो: आई, अक्का, दादा आणि मी, प्रत्येकी चौथा हिस्सा, म्हणजे ६० आर. पाटीवर हे मांडून दाखवल्यावर तात्या म्हणाले, “कायदा असू दे, पण रीत हाय का नाही?” त्यांच्याशी मी वाद घातला नाही.

दादाचे म्हणणे मात्र नीट ऐकण्यासारखे होते. अण्णांच्या आजारपणात सोलापूरच्या खेपा त्याने केल्या होत्या, आईला तोच सांभाळतो, विहिरीचे खोदकाम त्याच्या पैशातून झाले आहे, आणि सहा एकरांचे चार तुकडे झाले तर त्यातल्या दीड एकरावर त्याच्या दोन मुलांचे काय होणार, हा त्याचा प्रश्न खरा होता. भाऊ लोभी असतो असे गृहीत धरून हा विषय उघडू नये असे मला मनापासून वाटते. जमीन लहान होत चालली आहे, शेतीत पैसा राहिलेला नाही, आणि तरी घर तिच्यावरच चालते. अशा वेळी बहिणीचा हिस्सा त्याला स्वतःच्या ताटातला वाटतो.

बोलणे जिथे अडले होते तिथून ते आईने सोडवले. इतका वेळ ती गप्प बसून ऐकत होती. दादाने मोबाइलवर उघडलेला सातबारा तिने मागून घेतला, मला वाचायला लावला, आणि भोगवटादाराच्या, म्हणजे जमीन ज्याच्या नावावर आहे त्याच्या, जागी एकट्या अण्णांचे नाव आहे हे कळल्यावर दादाला विचारले, “माझं नाव कुठंच नव्हतं का रं?” चाळीस वर्षे त्या रानात खुरपणी-काढणी केलेल्या बाईला आपलेही नाव कागदावर असेल असे वाटत होते. पतीच्या अर्जावर पत्नीचे नाव सहधारक म्हणून लावण्याची लक्ष्मी मुक्ती योजना राज्यात १९९२ पासून आहे, पण अण्णांना ती कोणी सांगितली नाही आणि आम्हा मुलांनाही ती माहीत नव्हती. ज्यांचे वडील हयात आहेत त्यांनी ही गोष्ट अवश्य लक्षात घ्यावी.

मग ठरले ते असे: आधी कायद्याने जे वारस आहेत त्या चौघांचीही नावे लावायची. हक्कसोड, वाटणी, मोबदला यांपैकी कशावरही आत्ता बोलायचे नाही. जमीन पूर्वीसारखी दादाच कसेल. वारस नोंद आणि हक्कसोड या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि पहिलीसाठी दुसरीची गरज नाही, हे एवढेच कळले असते तर सहा वर्षे गेली नसती. वारस नोंदीने कोणाला नवा हक्क मिळत नाही. मृत्यूच्या क्षणी जो हक्क आलेला असतो त्याची दप्तरात नोंद होते. हक्कसोड हा मात्र आपला हक्क दुसऱ्याच्या नावे सोडण्याचा दस्त आहे. तो दुय्यम निबंधकाकडे नोंदवावा लागतो, आणि तो आज, दहा वर्षांनी किंवा कधीच केला नाही तरी चालते. साध्या मुद्रांक कागदावर घरी घेतलेल्या सहीने हक्क सुटत नाही आणि तशा कागदावर फेरफारही होऊ नये.

आता कागदपत्रांविषयी, कारण बहुतेकांचा वेळ तिथे जातो आणि आमचाही गेला. लागणारे कागद असे होते: वारसांनी सही केलेला अर्ज, मृत्यूचा दाखला, सर्व वारसांची नावे, वये, पत्ते आणि मयताशी नाते सांगणारे प्रतिज्ञापत्र, चालू सातबारा आणि आठ-अ (खातेदाराच्या गावातील सगळ्या जमिनीचा उतारा), शिधापत्रिका, सर्वांची आधार कार्डे. डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा आणि आठ-अ महाभूमीच्या संकेतस्थळावर प्रत्येकी १५ रुपयांत मिळतात. त्यासाठी कोणाला शंभर-दोनशे रुपये देण्याचे कारण नाही. मृत्यूच्या दाखल्याच्या प्रती एकदमच जास्त घ्याव्यात. दाखल्यावर अण्णांचे नाव आणि सातबाऱ्यावरील नाव यांत आजोबांच्या नावाची वेलांटी वेगळी होती, म्हणून ‘दोन्ही नावे एकाच व्यक्तीची आहेत’ असे कलम प्रतिज्ञापत्रात घालावे लागले.

खरा पेच अक्काच्या नावाचा होता. १९९२ मध्ये तिच्या लग्नात, आमच्याकडच्या रिवाजाप्रमाणे, ताटातल्या तांदळांत अंगठीने तिचे नवे नाव लिहिले गेले आणि त्या दिवसापासून ती सासरी त्या नावाने ओळखली जाऊ लागली. मतदार यादी, शिधापत्रिका, आधार, बँक, सगळीकडे तेच नाव. शाळेच्या दाखल्यावर वेगळे पहिले नाव, वडिलांचे नाव आणि माहेरचे आडनाव. आधारवर दुसरेच पहिले नाव, नवऱ्याचे नाव आणि सासरचे आडनाव. दोन्ही कागद शेजारी ठेवले तर ही एकच बाई आहे असे म्हणायला एक शब्दही सामाईक नाही. आपल्या बापाची मुलगी असल्याचे सिद्ध करण्याची वेळ पन्नाशी ओलांडलेल्या बाईवर येते, आणि त्याच घरातल्या मुलाला जन्मापासून मरेपर्यंत एकच नाव पुरते, हे पाहून मला फार वाईट वाटले. माझे पहिले नाव बदललेले नसल्याने माझे काम लग्नाच्या नोंदणी प्रमाणपत्रावर भागले. अक्काच्या लग्नाची नोंदणी झालेली नव्हती. तिच्यासाठी आम्ही जिल्हा परिषदेच्या शाळेतून शाळा सोडल्याचा दाखला नव्याने काढला. शाळेची जुनी रजिस्टरे केंद्रशाळेत गेलेली असल्याने त्यासाठी थांबावे लागले. घरात ट्रंकेत जपून ठेवलेली लग्नपत्रिका सापडली, तिच्यात दोन्हीकडची नावे होती. दोन्ही गावच्या पोलीस पाटलांचे दाखले घेतले. आणि ‘माहेरचे अमुक नाव व सासरचे तमुक नाव धारण करणारी व्यक्ती मीच आहे’ असे अक्काचे स्वतंत्र प्रतिज्ञापत्र केले. ज्यांच्या घरी असा प्रश्न आहे त्यांनी वारस नोंदीची वेळ येण्याची वाट न पाहता हे कागद आजच गोळा करावेत, कारण लग्नाला हजर असलेली माणसे आणि शाळेची रजिस्टरे दोन्ही कायम राहत नाहीत.

प्रतिज्ञापत्रासाठी ५०० रुपयांचा मुद्रांक घ्यावाच लागेल असे आम्हाला बाहेर सांगण्यात आले. शासकीय कार्यालयात सादर करायच्या प्रतिज्ञापत्रांवरील मुद्रांक शुल्क राज्य शासनाने २००४ मध्येच माफ केलेले आहे, म्हणून आम्ही साध्या कागदावर मजकूर करून घेतला. टंकलेखन, नोटरी आणि छायाप्रती यांचे मिळून हजार रुपयांच्या आत काम झाले. माझा पुण्याहून एसटीने जाण्या-येण्याचा आणि शाळेतून घेतलेल्या रजांचा खर्च त्याहून अधिक होता.

अर्ज आम्ही तलाठी कार्यालयात दिला. तलाठ्यांचे पदनाम आता ग्राम महसूल अधिकारी झाले आहे, पण गावात अजून सगळे ‘भाऊसाहेब’च म्हणतात. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच, तारीख आणि शिक्का घेतला. ही प्रत पुढे फार उपयोगी पडली, तेव्हा ती घेतल्याशिवाय कार्यालयातून उठू नये. ज्यांना गावी जाणे शक्य नाही त्यांच्यासाठी ई-हक्क प्रणालीतून घरबसल्या अर्ज करण्याची सोय आहे आणि तीही विनाशुल्क आहे. कायद्याप्रमाणे वारसाने तीन महिन्यांच्या आत कळवायचे असते, पण उशीर झाला म्हणून हक्क जात नाही. अर्ज आल्यावर आधी वारस नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना ६-क मध्ये, चौकशी करून वारस ठरतात. मग फेरफार नोंदवहीत नोंद धरली जाते, हितसंबंधितांना नमुना ९ ची नोटीस जाते आणि पंधरा दिवस हरकतीसाठी ठेवले जातात. हरकत नसेल तर मंडळ अधिकारी, ज्यांना आपण सर्कल म्हणतो, ते नोंद प्रमाणित करतात. हरकत आली तर ती विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत जाऊन सुनावणी होते.

नोटिशीची वाट पाहत बसू नये. ‘आपली चावडी’ या संकेतस्थळावर गावाचे नाव निवडले की तिथे धरलेले फेरफार आणि हरकतीची मुदत दिसते. मे महिन्याच्या शेवटी मी तिथे आमचा फेरफार उघडला, तेव्हा आई आणि दादा यांची नावे भोगवटादार म्हणून होती, आणि अक्काचे व माझे नाव ‘इतर हक्क’ या रकान्यात टाकलेले होते. सातबाऱ्याचा डावीकडचा भाग मालकांचा असतो. उजवीकडे इतर हक्कांत सोसायटीचा बोजा, कुळाची नोंद, विहिरीचा किंवा वाटेचा हक्क असे सगळे असते, आणि पिढ्यान्‌पिढ्या मुलींची नावेही तिथेच टाकण्याची पद्धत पडलेली आहे. घरच्यांना वाटते की बहिणीचे नाव लागले, बहिणीलाही तसेच वाटते, आणि पुढे जमिनीचा व्यवहार झाला किंवा मोबदला आला की मग त्या रकान्याचा अर्थ कळतो. मी त्याच दिवशी दादाला फोन केला. त्याला हे खरोखर माहीत नव्हते. दुसऱ्या दिवशी तो स्वतः लेखी अर्ज घेऊन गेला: चारही वारस पहिल्या वर्गाचे असून चौघांचीही नावे भोगवटादार सदरी घ्यावीत. आधी “तसंच असतंय, बहिणींचं इतर हक्कातच घेतात,” असे उत्तर मिळाले. लेखी अर्जाची पोच मागितल्यावर मात्र तो घेतला गेला, जुनी नोंद रद्द झाली आणि नवी धरली गेली. त्यामुळे नोटीस आणि पंधरा दिवसांची मुदत पुन्हा पहिल्यापासून सुरू झाली. माझ्यासाठी या सगळ्या प्रवासातला मोठा क्षण हा होता, कारण तो अर्ज भावाने स्वतःहून नेला होता.

वाट पाहण्याचे ते दिवस अक्काला जड गेले. नोटीस तिच्या सासरी पोस्टाने पोहोचली आणि तिथे चर्चा सुरू झाली. काही जणांनी दाजींना हिशेब करून दाखवला की दीड एकर विकले तर किती येतील. दाजींनी तो विषय वाढू दिला नाही, याचे मला समाधान आहे. माहेरच्या भावकीतून तिला उलटे फोन आले, की भावाच्या लेकरांच्या तोंडचा घास काढू नको. एका रात्री तिने मला विचारले, “पंचमीला जाऊ का नको गं?” जमिनीपेक्षा माहेरची वाट बंद होण्याची भीती तिला अधिक होती, आणि हक्कसोडावर होणाऱ्या बहुतेक सह्यांमागे हीच भीती असते. साडीचोळी, भाऊबीज, बाळंतपण, आजारपणात चार दिवस येऊन राहण्याची हक्काची जागा, हे सगळे एका पारड्यात आणि सही दुसऱ्या पारड्यात ठेवून बाईला निवड करायला सांगितली जाते. खरे तर यातले एकही दुसऱ्याच्या बदल्यात द्यायचे नसते. मी दादाला अक्काचे म्हणणे जसेच्या तसे सांगितले. त्याने तिला फोन करून एवढेच म्हटले, “मी न्यायला येतो,” आणि नागपंचमीला तो गेला.

जुलैच्या उत्तरार्धात सर्कलनी नोंद प्रमाणित केली. नवा सातबारा उघडला तेव्हा अण्णांच्या नावावर आडवी रेघ होती, खाली आईचे, दादाचे, अक्काचे आणि माझे नाव, शेवटी ‘सामाईक क्षेत्र’ आणि फेरफाराचा क्रमांक. अक्काचे नाव सासरच्या नावाने लागले असून माहेरचे नाव त्यापुढे ‘उर्फ’ म्हणून आले आहे. नावे लागल्यावर प्रत्येक अक्षर तपासून पाहावे. आणि प्रमाणित नोंद मान्य नसेल तर उपविभागीय अधिकाऱ्यांकडे साठ दिवसांत अपील करता येते, ही मुदत लक्षात ठेवावी.

नोंदीनंतर काय सुलभ झाले आणि काय अवघड झाले, दोन्ही सांगायला हवे. आई आणि दादा यांचे शेतकरी ओळख क्रमांक निघाले. किसान सन्मान निधीसाठी १ फेब्रुवारी २०१९ पूर्वी जमीन नावावर असण्याची अट आहे, पण वारसाने आलेल्या जमिनीला ती लागू नाही, म्हणून दोघांचे स्वतंत्र अर्ज भरले आहेत. हे लिहीपर्यंत ते मंजूर झालेले नाहीत. मी प्राप्तिकर भरते, त्यामुळे त्या योजनेत बसत नाही आणि अर्जही केला नाही. अवघड झाले ते दादाला: खाते सामाईक असल्याने सोसायटीच्या कर्जासाठी आता चौघांची संमती लागते. या वर्षी आम्ही दोघींनी संमतीपत्रे वेळेवर दिली, आणि दरवर्षी खरिपापूर्वी ती द्यायची असे ठरवले आहे. बहिणी हिस्सा सांगतात पण जबाबदारी घेत नाहीत, असे बोलायला कोणाला जागा राहू नये. जमीन कसण्याविषयी चौघांनी एक साधा लेखी समजुतीचा कागद केला आहे: कसणार दादा, आईच्या हिश्शाचे उत्पन्न आईच्या हातात, विहिरीवर झालेला त्याचा खर्च पुढे कधी वाटप झालेच तर आधी हिशेबात धरायचा. वाटपाची घाई कोणालाच नाही. तशी वेळ आली तर सर्वांच्या संमतीने तहसीलदारांकडे जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ खाली ते करता येते, आणि शेतजमिनीच्या वाटणीपत्रावरील नोंदणी शुल्क शासनाने मे २०२५ मध्ये माफ केले आहे.

२०१५-१६ च्या कृषिगणनेनुसार देशातील वहितीखातेदारांत, म्हणजे शेती कसणाऱ्या खातेदारांत, बायांचे प्रमाण सुमारे १४ टक्के होते. शेतात राबणाऱ्या बायांची संख्या ज्याने डोळ्यांनी पाहिली आहे त्याला या आकड्याचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही.

या सगळ्या महिन्यांत वहिनी फारशी बोलली नव्हती. चहा-पाणी, जेवण, कागद नीट पिशवीत घालून देणे, हे ती करत राहिली, आणि मला वाटत होते की तिला हे आवडलेले नाही. पंचमीला भांडी घासताना तिने सांगितले की तिच्या माहेरी बारा एकर बागायत आहे, वडील गेल्यानंतर तेराव्याच्या आतच तिला आणि तिच्या बहिणीला निबंधक कार्यालयात नेले होते, आणि कागद वाचूनही दाखवला नव्हता. “आता काय होतंय का त्याचं?” असे तिने विचारले. नोंदणीकृत हक्कसोड तलाठी किंवा तहसीलदार रद्द करू शकत नाहीत. फसवणुकीने किंवा दबावाने सही घेतली असेल तर दिवाणी न्यायालयात जावे लागते, आणि त्याला फसवणूक कळल्यापासून तीन वर्षांची मुदत असते. तिची मुदत उरली आहे की नाही ते वकिलाने कागद पाहूनच सांगायला हवे. तालुका न्यायालयाच्या आवारात विधी सेवा समिती असते, आणि १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे कोणत्याही स्त्रीला तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. दस्ताच्या सूची-२ ची (इंडेक्स-२, म्हणजे नोंदवलेल्या दस्ताचा गोषवारा) नक्कल काढायला दादाने तिच्याबरोबर जायचे ठरले आहे.